घडलेले पुसावे का?

कोकणातल्या हेदवीच्या किनाऱ्यावर, उमामहेश्वराच्या देवळाजवळ, काळ्या कातळाला एक अरुंद भेग पडली आहे. तिला बामणघळ म्हणतात. भरतीच्या वेळी लाट त्या भेगेत शिरते, पुढे वाट नसल्यामुळे कोंडली जाते आणि पाण्याचा फवारा कातळाच्याही वर उसळतो. ओहोटीला तीच घळ अगदी मुकी असते. फवारा पाहायला आलेला पुण्या-मुंबईचा पर्यटक विचारतो, "कधी उडणार?" गावातला जाणता माणूस उलट विचारतो, "आज तिथी कोणती?" कोकणात हा हिशेब पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची साधारण वेळ निघते. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणजे भरती सकाळ-संध्याकाळी सहाच्या सुमारास. चतुर्थी असेल तर तीनला. रोज ती सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते, कारण चंद्रही रोज जवळपास तेवढ्याच उशिराने माथ्यावर येतो. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीच्या आगेमागे भांग, म्हणजे भरती-ओहोटीचा जोर कमी. समुद्राचे हे घड्याळ कोणी लावलेले नाही आणि कोणाला थांबवताही येत नाही.

गावातले दशभुज गणपतीचे देऊळ किनाऱ्यापासून आत, डोंगराच्या उतारावर आहे. देवस्थान पेशवाईतले, मूर्ती पांढऱ्या संगमरवराची, दहा हातांची. इथल्या व्रताचा हिशेबही चंद्राशीच जोडलेला. संकष्टीचा उपास चंद्रोदयाला सुटतो. पावसाळ्यात आभाळ भरून आले असेल तर कॅलेंडरात छापलेली वेळ पाहायची, त्या दिशेला हात जोडायचे आणि मग पाने वाढायची. दिवसभर पोटात अन्न नसलेली म्हातारी माणसेही दोन मिनिटे आधी घास घेत नाहीत. त्याच दिवशी सकाळी त्यांनीच म्हटलेल्या अथर्वशीर्षात मात्र गणपती तिन्ही काळांच्या पलीकडचा असतो. देव काळाच्या बाहेर आणि त्याचा भक्त रात्री नऊ वाजून काही मिनिटांना बांधलेला.

यातूनच एक प्रश्न निघतो. तो विज्ञानकथा वाचणाऱ्यांइतकाच देवळात जाणाऱ्यांचाही आहे. देव जर काळाच्या पलीकडे असेल, तर त्याला काळ मागे फिरवता येईल का? येत असेल, तर भक्ताने रडून मागितले तरी तो तसे का करत नाही? आणि उद्या माणसानेच तसे यंत्र बनवले, तर ते वापरणे धर्माला धरून होईल का?

अशा यंत्राची कल्पना आता सव्वाशे वर्षांहून जुनी आहे. एच. जी. वेल्सची ‘द टाइम मशीन’ १८९५ मध्ये लंडनमध्ये प्रसिद्ध झाली. पुढच्याच वर्षी शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा ग्रंथ निघाला. दीक्षित दापोली तालुक्यातल्या मुरूडचे, म्हणजे हेदवीच्याच किनारपट्टीवरचे. वेल्सचा प्रवासी तरफ ओढून आठ लाख वर्षे ओलांडतो. दीक्षितांनी आपल्या पूर्वजांनी काळ कसा मोजला ते जुन्या ग्रंथांतून शोधून काढले, आणि त्यासाठी आयुष्य खर्ची घातले. ज्या पंचांगांचा त्यांनी अभ्यास केला, त्यांतला काळ काही सरळ रेषेत चालत नाही. चंद्र सूर्याच्या १२ अंश पुढे गेला की एक तिथी होते. चंद्राची गती सारखी नसल्यामुळे तिथी कधी २० तासांत संपते, तर कधी जवळजवळ २७ तास रेंगाळते. मग एखाद्या तिथीचा क्षय होतो, एखादीची वृद्धी. सुमारे साडेबत्तीस महिन्यांनी अख्खा अधिक महिना घालावा लागतो. काळाला इतके ताणून-दाबून घेणाऱ्या या व्यवस्थेत कोणाचे कर्तव्य मात्र गळून पडत नाही. क्षयतिथीला वडिलांचे श्राद्ध आले म्हणून ते त्या वर्षी माफ होत नाही.

काळाला हात घालण्याची माणसाची इच्छा एकच वाटते, पण तिच्या पोटात तीन वेगवेगळ्या इच्छा आहेत: काळ हळू व्हावा, काळ थांबावा, काळ मागे जावा. तिन्हींचा धर्माशी असलेला संबंध सारखा नाही. त्यांची गल्लत केली की चर्चा भरकटते.

पहिली इच्छा तर पुरीच झाली आहे. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोन अमेरिकी संशोधकांनी सीझियमची चार अणुघड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली. परतल्यावर ती जमिनीवरच्या घड्याळांशी जुळली नाहीत, आणि न जुळण्याचे प्रमाण आइन्स्टाइनच्या सिद्धान्ताशी मेळ खाणारे होते. आज दाभोळ किंवा जयगडच्या खाडीतून बाहेर पडणाऱ्या यांत्रिक नौकेवरचा तांडेल ज्या जीपीएसवर मासळीची जागा गाठतो, त्याचे उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवर फिरतात. वेगामुळे त्यांची घड्याळे रोज सुमारे ७ मायक्रोसेकंद मागे पडतात आणि गुरुत्वाकर्षण कमी असल्यामुळे सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात. उरलेला ३८ मायक्रोसेकंदांचा फरक दुरुस्त केला नाही, तर एका दिवसात ठिकाण दहाएक किलोमीटरने चुकेल. म्हणून ती घड्याळे पाठवण्यापूर्वीच तेवढी मंद लावलेली असतात. काळ वाकतो ही गोष्ट तांडेल रोज वापरतो आहे.

भागवतातल्या ककुद्मी राजाला हे ऐकून फारसे नवल वाटले नसते. आपल्या मुलीला, रेवतीला, कोणता वर योग्य, हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गंधर्वांचे गायन चालू होते, म्हणून क्षणभर थांबला. गाणे संपल्यावर त्याने मनातली नावे सांगितली तेव्हा ब्रह्मदेव हसले. तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटली होती. एक चतुर्युग ४३ लाख २० हजार वर्षांचे धरले तर हा हिशेब ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षांचा होतो. त्या वरांचे नातू-पणतू सोडाच, गोत्रांची नावेही कोणाच्या कानावर उरली नव्हती. या कथेत सगळ्यात लक्षात घेण्याजोगे आहे ते ककुद्मीने न मागितलेले मागणे. समोर साक्षात ब्रह्मदेव असताना तो "मला मघाचा क्षण परत द्या" म्हणत नाही. तो खाली येतो, ब्रह्मदेवांनी सांगितल्याप्रमाणे रेवतीचे लग्न बलरामाशी लावतो आणि बदरिकाश्रमात तपाला निघून जातो. काळाची गती वेगळी असू शकते, हे पुराणकारांनी निःशंकपणे मानले आहे. आपल्याच वाट्याला आलेला काळ उलटा मागण्याला मात्र इथे जागा नाही.

काळ थांबवण्याची कथा मार्कंडेय पुराणात आहे आणि ती महाराष्ट्राला जवळची असायला हवी, कारण दत्तात्रेयांच्या जन्माची वाट तिच्यातून जाते. कौशिक नावाचा कुष्ठरोगी ब्राह्मण. त्याची बायको त्याला खांद्यावर घेऊन रात्री चालली होती. वाटेत मांडव्य ऋषी, गुन्हा नसताना, सुळावर चढवलेले. अंधारात कौशिकाचा पाय त्यांना लागला, वेदना असह्य झाली आणि त्यांनी शाप दिला, "ज्याने मला हा धक्का दिला तो सूर्य उगवताच मरेल." बायको म्हणाली, "मग सूर्य उगवणारच नाही." आणि तो उगवला नाही. तिच्या पातिव्रत्याची शक्ती तेवढी होती.

पुढे काय झाले, इथे पुराणकाराची खरी नजर दिसते. रात्र संपेना. यज्ञ थांबले, यज्ञ थांबले म्हणून देव उपाशी, देव उपाशी म्हणून पाऊस नाही. एका घरातला मृत्यू टळावा म्हणून साऱ्या जगाची सकाळ अडली. देव अनसूयेकडे गेले. अनसूयेने त्या स्त्रीला दटावले नाही, तिची समजूत घातली. सूर्याला अर्घ्य दिले गेले, सूर्य उगवला, कौशिक शापाप्रमाणे मरून पडला आणि मग अनसूयेने आपल्या पुण्याईने त्याला उठवले, तेही निरोगी आणि तरुण करून. मांडव्यांचा शाप खोटा पडला नाही, कारण त्यांची वेदना खरी होती. जगाचा दिवस कोणाच्या दुःखापायी बंद राहिला नाही, आणि त्या बाईचे दुःखही वाऱ्यावर सोडले गेले नाही. देवांनी अनसूयेला जो वर दिला त्यातूनच पुढे तिच्या पोटी दत्तात्रेय जन्मले. काळ थांबवण्यात काय गैर आहे, हे इतक्या नेमकेपणाने सांगणारी दुसरी कथा सापडणे कठीण. काळ सामायिक आहे. एकाने तो आपल्यासाठी धरून ठेवला की दुसऱ्याची सकाळ अडते.

मुळात काळ नावाची धरण्याजोगी वस्तू आहे का, यावर आपल्याकडच्या दर्शनांत जुना वाद आहे. वैशेषिकांच्या मते काळ हे एक, नित्य आणि सर्वत्र व्यापलेले द्रव्य आहे. योगसूत्रांवरचे व्यासभाष्य याच्या अगदी उलट टोकाला जाते. त्याच्या मते खरा आहे तो क्षण. क्षणांची माळ करून तिला आपण दिवस-रात्र म्हणतो, तो बुद्धीचा व्यापार. दोन क्षण कधी एकत्र नांदत नाहीत. हे मानले तर कालयंत्र चालवणाऱ्याला जायला मागे ठिकाणच उरत नाही. भर्तृहरीने ‘वाक्यपदीया’च्या तिसऱ्या कांडात वेगळीच बाजू दाखवली. त्याला काळ हा जगाचा सूत्रधार वाटतो. तो काही गोष्टींना वाट देतो आणि काहींना अडवून धरतो. काळाने अडवले नसते तर बी, रोप, झाड, फळ सगळे एकदमच अवतरले असते आणि क्रम म्हणून काही राहिला नसता. या तिघांत भर्तृहरीचे म्हणणे अधिक खोल जाते. आपण काळाला नेहमी पळणारा, निसटणारा समजतो. भर्तृहरीला दिसतो तो आवरून धरणारा काळ. ते आवरणे काढून घेतले तर आयुष्य जगायला उरणारच नाही.

तिसरी इच्छा सर्वांत आधुनिक आणि सर्वांत प्रबळ आहे. सिनेमांनी आणि व्हिडिओ गेमनी ती घरोघर पोचवली: बटण दाबले की दहा मिनिटे मागे, बोललेला शब्द बोललाच नाही, झालेला अपघात झालाच नाही. संगणकावर लिहिणाऱ्या पिढीला कंट्रोल-झेडची इतकी सवय झाली आहे की आयुष्यातही ती कळ कुठेतरी असली पाहिजे, असे वाटू लागते.

मराठी माणसाला ती कळ मिळाली तर तो पहिल्यांदा कुठे जाईल? पुष्कळजण १४ जानेवारी १७६१ या पानिपतच्या दिवसाकडे बोट दाखवतील. जयंत नारळीकरांनी ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत नेमके हेच केले. ही कथा इंग्रजी रूपात एनसीईआरटीच्या अकरावीच्या पुस्तकात आहे, त्यामुळे देशभरच्या मुलांनी ती वाचली आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अशा मुंबईत पोचतात, जिथे विश्वासरावांना गोळी चाटून गेली आणि मराठे पानिपत जिंकले. ग्रंथालयात बसून ते तो वेगळा इतिहास वाचतात. पण नारळीकरांनी पंतांच्या हाती तरफ दिली नाही. पंत काहीही बदलत नाहीत. ते एका दुसऱ्या शक्यतेत जाऊन परत आपल्याच जगात येतात. काळाची दिशा हा नारळीकरांच्या संशोधनाचाही विषय होता. फ्रेड हॉईल यांच्याबरोबर १९६०च्या दशकात त्यांनी विद्युतचुंबकीय लहरी भूतकाळाकडे न जाता भविष्याकडेच का जातात, याचे उत्तर विश्वाच्या रचनेत शोधले होते. मे २०२५ मध्ये ते गेले. हा विषय इतका जवळून जाणणाऱ्या माणसाने आपल्या नायकाला भूतकाळ दुरुस्त करायला पाठवले नाही, याला अर्थ आहे. पानिपत पुसले तर त्यानंतरचे काय काय पुसले जाईल? पानिपतावर पाय जायबंदी होऊनही उत्तरेत पुन्हा जम बसवणारे महादजी, १७६७ नंतरचा अहिल्याबाईंचा कारभार, आणि त्या दिवसानंतर जन्मलेले आपण सगळे. पानिपताचे दुःख करणारा माणूसच त्या कळीने नाहीसा होईल.

ख्रिस्ती परंपरेलाही हा प्रश्न टळलेला नाही. बायबलमध्ये हिज्कीया राजा मरणाला टेकलेला असताना देवाची करुणा भाकतो. त्याला आणखी १५ वर्षे मिळतात आणि खूण म्हणून आहाजाच्या छायायंत्रावरची सावली दहा पायऱ्या मागे सरकते. सावली मागे गेली, पण हिज्कीयाच्या आयुष्यातले काहीही मागे गेले नाही. त्याला मिळाली ती पुढची वर्षे. अकराव्या शतकात पीटर डेमियन या साधूने विचारले, की सर्वशक्तिमान देव उभारलेले रोम ‘कधी उभारलेच नव्हते’ असे करू शकेल का? देवाच्या सामर्थ्याला मर्यादा घालायला तो तयार नव्हता. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनस याने स्पष्ट नाही म्हटले: घडलेले न घडलेले करणे म्हणजे एकाच गोष्टीला आहे आणि नाही म्हणणे, आणि असला आत्मविरोध सामर्थ्यात मोडत नाही.

अक्वायनसचे उत्तर तर्काला पुरेसे आहे, पण धर्माला पुरेसे नाही. धर्माचा आक्षेप वेगळ्या जागी आहे. समजा, तर्काची अडचण दूर झाली आणि यंत्र तयार झाले. एका माणसाने भावाला फसवून त्याच्या वाट्याची बाग आपल्या नावावर करून घेतली. वीस वर्षांनी त्याला पश्चात्ताप झाला. त्याने यंत्र चालवले आणि ती सही झालीच नाही असे केले. तो सुटला. पण ज्या भावाने वीस वर्षे ती फसवणूक सोसली, दुसऱ्याच्या बागेत राबून मुले वाढवली आणि कदाचित मनातल्या मनात भावाला माफही केले, त्याची ती वीस वर्षे कोणी घेतली? त्याला विचारले कोणी? फसवणूक करणाऱ्याने पहिल्यांदा बाग घेतली आणि दुसऱ्यांदा सोसलेले आयुष्य. माफ करायचे की नाही, हा त्या भावाचा हक्क होता. यंत्राने तो हक्कच काढून घेतला, आणि हे करताना फसवणाऱ्याला भावाच्या दारात जाऊन उभे राहावेही लागले नाही. कालयंत्राचा खरा दोष हा आहे.

योगवासिष्ठातला लवण राजा या फसवणाऱ्याच्या नेमका उलट वागतो. एका जादूगाराने मोरपीस फिरवले आणि दरबारात बसल्या जागी राजाला वाटले, की आपण रानात भरकटलो, चांडाळांच्या वस्तीत राहिलो, संसार केला, दुष्काळात मुलाबाळांची उपासमार पाहिली. जाग आली तेव्हा थोडाच वेळ गेला होता. दुसऱ्या दिवशी तो विंध्यात त्या जागेच्या शोधात गेला, तर तिथे तशीच वस्ती होती, तशीच माणसे, आणि लेक-जावयासाठी रडणारी एक म्हातारी. ‘हे तर स्वप्न होते’ म्हणून राजा पाठ फिरवत नाही. तो तिची कहाणी ऐकून घेतो आणि तिचे सांत्वन करूनच परततो. जो काळ खरा की खोटा हेच ठरत नाही, त्या काळातल्या नात्याची जबाबदारीसुद्धा तो नाकारत नाही.

या सगळ्यावर एक आक्षेप उरतो आणि तो हलका नाही. पाप करणाऱ्याचे राहू द्या. कोकणच्या एखाद्या किनाऱ्यावर जिचे मूल लाटेबरोबर गेले, तिने कोणाचे काय केले होते? तिने यंत्र मागितले तर तिला काय सांगायचे? तिला तत्त्वज्ञान सांगू नये. तिची मागणी पापातून आलेली नाही, मायेतून आलेली आहे. तिच्यापुरते एवढेच म्हणता येते, की आपल्या परंपरेत तशीच मागणी घेऊन मृत्यूच्या मागे चालत गेलेली एक स्त्री आहे आणि दर ज्येष्ठ पौर्णिमेला बायका तिच्या नावाने वडाला सूत गुंडाळतात. सावित्री यमाला "सकाळ परत आण" म्हणत नाही. ती त्याच्याबरोबर चालते, बोलते, सासऱ्याची दृष्टी मागते, राज्य मागते आणि शेवटी सत्यवानाला सोडवून आणते. सत्यवान मेला, हे महाभारत झाकत नाही. जे मिळाले ते पुढच्या वाटेवर मिळाले. प्रत्येक आईला सावित्रीसारखे मिळत नाही, आणि ते न मिळण्याचे समाधानकारक उत्तर कोणत्याही धर्माने अजून दिलेले नाही. हे प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे.

चूक करणाऱ्याला मात्र धर्माने उत्तर दिले आहे आणि ते बारकाईने लिहून ठेवले आहे. ते एकत्र मांडणारा माणूसही हेदवीच्याच जिल्ह्याचा. चिपळूणजवळच्या परशुराम परिसरात १८८० मध्ये जन्मलेले, १९६३ चे भारतरत्न, महामहोपाध्याय पांडुरंग वामन काणे. त्यांच्या ‘हिस्टरी ऑफ धर्मशास्त्र’चे पाच खंड १९३० ते १९६२ या काळात निघाले आणि चौथ्या खंडात पातक आणि प्रायश्चित्त यांचा सविस्तर विचार आहे. प्रायश्चित्ताच्या जुन्या नियमांत जातीनुसार केलेला भेद आज कोणीही मान्य करू नये. पण त्याचा गाभा अजून टिकाऊ आहे: केलेले पाप उघडपणे सांगायचे, त्याचा मनापासून अनुताप करायचा, मग तप आणि दान. चोरीच्या बाबतीत मनुस्मृती आणखी एक अट घालते. किरकोळ चोरी असली तरी नुसते कृच्छ्र, म्हणजे उपासाचे कडक व्रत, करून भागत नाही; चोरलेली वस्तू आधी मालकाला परत द्यावी लागते. काण्यांच्या ग्रंथाचा सारांश मराठीतही उपलब्ध आहे. कालयंत्राच्या कथा आवडीने वाचणाऱ्यांनी त्यातले प्रायश्चित्ताचे प्रकरण नारळीकरांच्या कथेशेजारी ठेवून एकदा जरूर वाचावे.